घरातल्या टाकीत पाऊस : चिलखती कोरी माशाचा इतिहास

(व्याख्यानाचे शब्दांकन)

आजचा विषय ऐकून काही जणांनी मला बाहेर थांबवून विचारलं, "सर, इतिहासाच्या मालिकेत मासा कसा काय?" प्रश्न बरोबर आहे. मासाही दोन इंचांचा, खायच्या उपयोगाचा नाही. पण इतिहास फक्त सिंदखेड राजाच्या वाड्याचाच असतो असं नाही. आपल्या दिवाणखान्यातल्या काचेच्या टाकीलाही इतिहास असतो. तो ठाऊक नसला की काय होतं, हे मी स्वतःच्या चुकीपासून सांगतो.

बऱ्याच वर्षांपूर्वी मी पहिली टाकी आणली. दुकानदाराने गोल्डफिश दिले, रंगीत खडे दिले आणि वर एक छोटा, मिशा असलेला, करड्या रंगाचा मासा पिशवीत टाकला. म्हणाला, "भाऊ, हा बी घिऊन जा. खालचा कचरा खाते हा. तुमाले टाकी धुयाची कटकट नाई." मी आणला. एकटाच होता. दिवसभर कोपऱ्यात बसून राहायचा. मध्येच सुळकन वर जायचा, पाण्याच्या पृष्ठभागावर तोंड लावून खाली यायचा. मला वाटलं, खेळतोय. धारदार खड्यांनी त्याच्या मिशा झिजत गेल्या आणि मे महिन्यात एका दुपारी तो गेला. टाकी काही त्याने साफ केली नव्हती. उलट मीच त्याला उपाशी ठेवलं होतं, कारण तो कचरा खातो अशी माझी समजूत.

या माशाचं नाव कोरिडोरास. शौकीन लोक त्याला नुसतं 'कोरी' म्हणतात. आज मला एवढंच सांगायचंय की आपण या माशाला सफाई कामगार समजलो, आणि ज्यांनी त्याला मासा समजून पाहिलं त्यांनाच त्याने पिल्लं दिली. त्या पाहण्याचा इतिहास जवळजवळ दीडशे वर्षांचा आहे.

आधी ओळख करून घेऊ. कोरी दक्षिण अमेरिकेतला. आपल्या नदीतला शिंगाळा किंवा मागूर जसा मिशांचा मासा, तसाच हा. पण शिंगाळ्याची कातडी गुळगुळीत असते. कोरीच्या अंगावर दोन्ही बाजूंना हाडांच्या पट्ट्यांच्या दोन दोन रांगा असतात, कौलं एकावर एक बसवावीत तशा. पाठीवरच्या आणि छातीच्या परांना टणक काटे. एखाद्या पक्ष्याने गिळायचा प्रयत्न केला तर काटे ताठ करून घशात अडकेल असा बंदोबस्त. १८०३ साली लासेपेद या फ्रेंच शास्त्रज्ञाने या वंशाला नाव दिलं, ते ग्रीक भाषेतून. 'कोरिस' म्हणजे शिरस्त्राण. युरोपात तेव्हा नेपोलियनच्या लढाया पेटत होत्या, आणि पॅरिसमध्ये बसून एक माणूस दोन इंचांच्या माशाला शिरस्त्राण चढवत होता.

आणि तो वर का जातो? खेळायला नाही. कोरी हवा गिळतो. ती हवा आतड्यात जाते आणि आतड्याच्या मागच्या भागातून प्राणवायू रक्तात शोषला जातो. उन्हाळ्यात आटणाऱ्या, कोंदट डबक्यात जगायची ही सोय. आता लक्षात घ्या, माझा मासा वारंवार वर जात होता तेव्हा तो मला सांगत होता की खालच्या पाण्यात दम निघत नाही. मला ती भाषा येत नव्हती.

दुसरा टप्पा डार्विनचा. १८३१ ते १८३६ या काळात बीगल जहाजावरून चार्ल्स डार्विन जगभर फिरला, हे आपल्याला शाळेपासून माहीत आहे. त्याने स्पिरिटच्या बाटल्यांत भरून आणलेल्या माशांचं वर्णन करायचं काम लेनर्ड जेनिन्स या पाद्र्याकडे आलं. गंमत अशी की बीगलवर जाण्याबद्दल आधी या जेनिन्सलाही विचारणा झाली होती. गावातल्या चर्चची जबाबदारी सोडवेना म्हणून तो गेला नाही. मित्राने आणलेल्या बाटल्या मात्र त्याच्याच टेबलावर आल्या. त्यातला एक मासा म्हणजे ठिपक्यांचा कोरी. १८४२ साली जेनिन्सने त्याला 'पॅलिएटस' हे नाव दिलं. आज आपल्याकडच्या दुकानात 'पेपर्ड कोरी' म्हणून जो मिळतो, तो हाच.

इथे मी जरा आपल्या मुलखात येतो. त्याच सुमाराला दख्खनमध्ये कर्नल विल्यम साइक्स हा मुंबई सरकारचा सांख्यिकी अधिकारी फिरत होता. पिकं, पक्षी, हवामान, सगळं नोंदवत होता. १८३९ साली त्याचा दख्खनच्या माशांवरचा अभ्यास पुढे आला. साइक्सने काय केलं बघा. लॅटिन नावांत त्याने आपल्या नदीकाठची नावं जशीच्या तशी घातली. शिंगाळ्याचं शास्त्रीय नाव 'सींघाला'. त्याशिवाय 'खुद्री', 'कोलस', 'नुक्ता'. म्हणजे भोयाने जे नाव सांगितलं ते लंडनच्या कागदावर गेलं. आपल्या माशांना आपली नावं मिळाली, कारण त्यांना धरणारे, ओळखणारे लोक इथे होते. कोरीला मात्र आपल्या भाषेत नाव नाही. आहे तो नुसता हुद्दा : 'कचरा खाणारा'. आणि हुद्दा देऊन ठेवला की माणूस असो वा मासा, त्याच्याकडे पुन्हा कोणी बघत नाही.

तिसरा टप्पा सगळ्यात महत्त्वाचा, पाळण्याचा. मासे पाळणं आपल्याला नवीन नाही. बाराव्या शतकात कल्याणीच्या चालुक्य राजा सोमेश्वराच्या 'मानसोल्लास' या ग्रंथात 'मत्स्यविनोद' असं स्वतंत्र प्रकरण आहे. माशांचे प्रकार, त्यांना काय खाऊ घालावं, गळाने कसे धरावेत, सगळं त्यात येतं. पण तो राजाचा तलाव. काचेतून माशाच्या डोळ्याला डोळा लावून बघणं ही एकोणिसाव्या शतकातली गोष्ट. १८५३ साली लंडनच्या प्राणिसंग्रहालयात माशांचं घर उघडलं. पुढच्याच वर्षी फिलिप गॉस याच्या पुस्तकाने 'ॲक्वेरियम' हा शब्द घराघरांत नेला. काच स्वस्त झाली होती. पाण्यात वनस्पती लावली की पाणी ताजं राहतं हेही कळलं होतं.

पॅरिसमध्ये पिएर कार्बोनिए नावाचा माणूस होता. त्याने १८६९ मध्ये चीनमधून आलेल्या पॅराडाइज माशाची पिल्लं घेऊन दाखवली होती. १८७८ साली याच कार्बोनिएच्या टाकीत ठिपक्यांच्या कोरीने अंडी दिली. विचार करा, तेव्हा विजेचा हिटर नाही, हवेचा पंप नाही. नीऑन टेट्रा हा आज पोराटोरांना माहीत असलेला मासा शास्त्राला कळला १९३६ मध्ये. त्याच्या जवळजवळ साठ वर्षं आधी कोरी माणसाच्या घरात वंश वाढवत होता. गोल्डफिशची हजार वर्षांची गोष्ट सोडली तर घरातल्या टाकीत इतकी जुनी बिऱ्हाडं थोडीच.

आता कोरीचं लग्न कसं लागतं ते सांगतो. (हशा) मादीमागे दोन-तीन नर फिरतात. मग मादी एका नराच्या पोटाला तोंड लावते. दोघांचा आकार इंग्रजी 'टी' अक्षरासारखा होतो. काही क्षण दोघेही स्तब्ध. मग मादी पोटाखालचे दोन पर जोडून ओंजळ करते, त्यात दोन-चार अंडी घेते आणि पानावर किंवा काचेवर चिकटवून येते. पुन्हा तेच. असं तासन्‌तास चालतं. ओंजळीत बंद असलेली अंडी फळतात कशी, हा प्रश्न शंभर वर्षं लोकांना पडला होता. १९९५ साली मासानोरी कोहदा आणि त्यांच्या जपानी सहकाऱ्यांनी ब्राँझ कोरीवर अभ्यास करून उत्तर दिलं. मादी नराचं बीज तोंडाने पिते. ते आतड्यातून काही सेकंदांत पार होऊन थेट ओंजळीतल्या अंड्यांवर येतं. ज्या आतड्याने तो हवा घेतो, त्याच वाटेने वंशही चालतो. घरोघरी 'कचरा खाणारा' म्हणून पडलेल्या माशाच्या पोटात हे चाललं होतं, आणि ते कळायला १९९५ उजाडावं लागलं.

पण अंडी द्यायची वेळ कोण ठरवतं? इथे बुलढाण्याच्या माणसाला फार शिकवायला नको. मृगाचा पहिला मोठा पाऊस पडला, ओढे वाहिले की मासे प्रवाहाच्या उलटे चढतात. चढणीचे मासे आपल्याला ठाऊक आहेत. पाणी गार होतं, पातळ होतं, म्हणजे त्यातले क्षार कमी होतात, आणि माशाला कळतं की आता पिल्लांना अन्न मिळेल. दक्षिण अमेरिकेतल्या कोरीलाही हीच खूण कळते. म्हणून पाळणारे काय करतात? आठवडाभर चांगलंचुंगलं खाऊ घालतात, पाणी थोडं उतरू देतात आणि मग निम्मं पाणी काढून दोन-तीन अंश गार, हलकं पाणी घालतात. टाकीत पाऊस पाडतात. पुष्कळदा दुसऱ्या दिवशी काचेवर अंडी.

हाच प्रश्न आपल्या देशापुढे मोठ्या रूपात होता. रोहू, कटला, मृगळ हे मासे तळ्यात वाढतात, पण साठलेल्या तळ्यात अंडी देत नाहीत. त्यांना पुराचं नदीपात्र लागतं. त्यामुळे बीज नदीतून गोळा करावं लागायचं. १९५७ साली हिरालाल चौधरी यांनी माशाच्या मेंदूतल्या ग्रंथीचा अर्क टोचून या माशांकडून अंडी घेतली. १० जुलै हा दिवस त्यामुळे मत्स्यशेतकरी दिन म्हणून पाळतात. आज आपल्या नळगंगेत, खडकपूर्णेत जे मत्स्यबीज सोडतात त्याच्यामागे ही सुई आहे. रोहूला पाऊस सुईतून दिला. कोरीला तो बादलीतून देता येतो, म्हणून हे काम घरातल्या घरात होऊ शकतं.

चौथा टप्पा, हा मासा आपल्यापर्यंत कसा आला. मुंबईत मरीन ड्राइव्हवर १९५१ साली तारापोरवाला मत्स्यालय उघडलं. उद्घाटन राष्ट्रपती राजेंद्र प्रसाद यांनी केलं. विदर्भातून मुंबईला गेलेल्या कितीतरी माणसांनी जिवंत मासा काचेमागे पहिल्यांदा तिथे पाहिला असेल. दुसऱ्या महायुद्धानंतर प्लास्टिकची पिशवी आणि विमानाची मालवाहतूक आली. त्याआधी मासा पत्र्याच्या डब्यातून जहाजाने यायचा, वाटेत निम्मे मरायचे. आता पिशवीत थोडं पाणी, वर प्राणवायू, तोंडाला रबर. सिंगापूरसारखी व्यापारी केंद्रं उभी राहिली. आपल्याकडे कोलकाता आणि हावड्याच्या परिसरात घरोघरी सिमेंटच्या हौदांत शोभेच्या माशांची पैदास सुरू झाली. आजही देशाच्या बाजारात येणाऱ्या माशांत बंगालचा वाटा मोठा. मुंबईला कुर्ल्याचा बाजार आहे. आणि मुंबई-हावडा हा रेल्वेचा मुख्य मार्ग जातो कुठून? मलकापूर, नांदुरा, शेगाव. म्हणजे दोन्ही टोकांच्या बाजारांच्या बरोबर मधल्या रस्त्यावर आपण बसलोय, आणि पिल्लं मात्र विकतच आणतो.

आता कोणी म्हणेल, इथे कशी होतील? आपलं पाणी. मुद्दा खरा आहे. आपला जिल्हा पाण्याच्या बाबतीत एक नाही. घाटावर बुलढाणा, चिखली, मेहकर. घाटाखाली पूर्णेचं खोरं. शेगाव, संग्रामपूर, जळगाव जामोद, नांदुरा या भागात खारपाण पट्टा. बोअरचं पाणी तोंडात धरवत नाही. आणि एका टोकाला लोणार. त्या सरोवराचा सामू बराच काळ दहाच्या आसपास मोजला गेलाय. तिथे कोरी टाकला तर तासाभरात संपेल. खारपाण पट्ट्यातल्या नुसत्या बोअरच्या पाण्यात तो कदाचित काही दिवस तग धरेल, पण अंडी देणं अवघडच.

या ठिकाणी एक अवघड प्रश्न उभा राहतो आणि तो मी टाळणार नाही. जिथे माणसाला गोडं पाणी मिळत नाही, मूत्रपिंडाच्या आजाराने घरं हैराण आहेत, तिथे माशाच्या पाण्याची चर्चा करायची? मलाही हा प्रश्न पडला होता. मग मी साधा हिशेब केला. दोन फूट लांब, एक फूट रुंद, एक फूट उंच टाकीत साधारण ५४ लिटर पाणी मावतं. आठवड्याला एक तृतीयांश बदललं तर १८ लिटर. वर्षाचे साडेनऊशे लिटर. आता २० चौरस मीटरचं पत्र्याचं छप्पर घ्या. त्यावर फक्त १०० मिलिमीटर पाऊस पडला तरी २००० लिटर पाणी पडतं. म्हणजे पावसाळ्यातल्या थोड्याशा पावसाचं छपरावरचं पाणी झाकलेल्या टाकीत धरलं, पहिली धुण सोडून दिली, तर वर्षाची सोय होते. बाहेर काढलेलं पाणी वाया जात नाही, ते झाडांना खतासारखं लागतं. आणि ज्या घराने माशासाठी छपराचं पाणी धरलं, त्याला स्वयंपाकासाठी ते धरायची बुद्धी होणार नाही असं थोडंच आहे?

एक सावधगिरी. निव्वळ पावसाच्या पाण्यात क्षारच नसतात, त्यामुळे सामू एकदम घसरू शकतो. ते थोड्या बोअरच्या किंवा नळाच्या पाण्यात मिसळून वापरावं.

माझ्या घरी पहिली अंडी कशी आली ते सांगतो. तो जून महिना होता. आठवडाभर नळाला पाणी नव्हतं. टाकीचं पाणी बदलणं भाग होतं, म्हणून रात्री अंगणात लावलेल्या पिंपातलं पावसाचं पाणी मी घातलं. तेव्हा माझ्याकडे सहा कोरी होते, कारण हा कळपाने राहणारा मासा आहे हे तोवर शिकलो होतो. खाली खड्यांऐवजी धुतलेली बारीक वाळू होती. सकाळी बायकोने हाक मारली, "अहो, काचेला साबुदाणा चिकटलाय बघा." ती अंडी होती. कार्बोनिएने पॅरिसमध्ये जे पाहिलं ते मी नळाच्या तुटवड्यामुळे पाहिलं.

ज्यांना करून बघायचंय त्यांच्यासाठी थोडक्यात. ठिपक्यांचा पॅलिएटस अर्जेंटिना, उरुग्वेकडचा, थंडी सोसणारा. घाटावरच्या आपल्या हिवाळ्यात त्याला हिटर लागत नाही, पण मे महिना त्याचा शत्रू. टाकी आतल्या खोलीत ठेवा, पंखा लावा, हवेचा पंप बंद पडू देऊ नका. घाटाखाली ब्राँझ कोरी बरा. अंडी दिसली की बोटाने अलगद सोडवून वेगळ्या भांड्यात ठेवा, कारण आईबापच ती खातात. पांढरी पडलेली अंडी काढून टाका, नाहीतर बुरशी बाकीच्यांना धरते. तीन ते सहा दिवसांत पिल्लं निघतात. पहिले दोन दिवस पोटाला बांधलेली शिदोरी पुरते. मग सूक्ष्म कृमी किंवा नुकती फुटलेली ब्राइन श्रिंप. भांडं रोज स्वच्छ करा. सगळ्यात जास्त पिल्लं उपासाने मरत नाहीत, उरलेल्या अन्नाने सडलेल्या पाण्याने मरतात.

यातून रोजगार होईल का? होईल, पण एका टाकीने नाही, आणि एका वर्षात नाही. २०२० पासून प्रधानमंत्री मत्स्यसंपदा योजनेत परसातल्या शोभिवंत मत्स्यपालनालाही अनुदान आहे, महिलांना आणि अनुसूचित जाती-जमातींना जास्त. पण माझं म्हणणं, आधी सहा मासे वर्षभर जगवून दाखवा, मग अर्ज भरा. ज्याने मासा पाहिला नाही त्याचं अनुदान हौदात बुडतं.

शेवटचा मुद्दा, आणि तो धोक्याचा. दुकानात 'कचरा खाणारा' म्हणून आणखी एक चिलखती मासा मिळतो, तो सकर. कोरीचा लांबचा भाऊ, तोही दक्षिण अमेरिकेचा. लहानपणी बोटाएवढा, मोठेपणी हातभर. टाकीत मावेनासा झाला की मारायचं पाप नको म्हणून लोक नदीत, धरणात सोडतात. उजनीच्या जलाशयात तो पसरला, तिथले मच्छीमार त्याला कंटाळले आहेत. काट्यांनी जाळी फाटतात, काठात बिळं करतो, बाजारात किंमत नाही. हवा गिळत असल्यामुळे पाण्याबाहेरही लवकर मरत नाही. लासेपेदने ज्याला शिरस्त्राण म्हटलं, ज्या हवा घेण्याचं मी मघाशी कौतुक केलं, तेच गुण चुकीच्या पाण्यात गेले की शिंगाळ्याच्या मुळावर येतात. म्हणून हात जोडून सांगतो, टाकीतला कोणताही मासा पेनटाकळीत, नळगंगेत, गावच्या तळ्यात सोडू नका. नको असेल तर दुकानात परत द्या, ओळखीच्या पाळणाऱ्याला द्या.

२०२४ मध्ये शास्त्रज्ञांनी कोरीच्या कुळाची फेरमांडणी केली. पॅलिएटस आता 'हॉप्लिसोमा' झाला, ब्राँझ 'ऑस्टिओगास्टर'. नावं बदलत राहतील. आपल्याकडे तर त्याला अजून नावच मिळायचंय. साइक्सला नावं सांगणारी माणसं नदीकाठाला होती. या माशाला नाव द्यायचं तर ते टाकीकाठाला बसून, त्याला नीट बघणाऱ्यांपैकीच कोणीतरी देईल. ते आपल्या जिल्ह्यातलं एखादं पोर असावं, एवढी इच्छा बोलून थांबतो.